परतीची वाट: कुंभकोणमच्या एका बालनटाची गोष्ट

(पहिल्या पिढीतल्या पदवीधरांच्या ऑनलाइन अभ्यासवर्गात तिरुविडैमरुदूरहून दिलेल्या भाषणाचा मजकूर)



मी आत्ता तमिळनाडूतल्या तिरुविडैमरुदूर या गावातून बोलते आहे. कुंभकोणमपासून हे गाव आठ-नऊ किलोमीटरवर आहे. पीएचडीच्या कामासाठी गेले काही महिने मी इथे राहते. एवढ्या लांब मराठी पोरगी काय करते, असं घरचे विचारतात. तर मराठीचा आणि या गावाचा संबंध जुना आहे. तंजावरचा राजा अमरसिंह भोसले याला ईस्ट इंडिया कंपनीने १७९८ मध्ये गादीवरून उतरवलं आणि तो याच गावी येऊन राहिला. पण राजेरजवाड्यांवर बोलणारे पुष्कळ आहेत. मला आज इथल्याच परिसरातल्या एका उपाशी पोराबद्दल बोलायचं आहे. ते पोर कुंभकोणमच्या शाळेतून उठून नाटक कंपनीत गेलं आणि पुढे या राज्याचं मुख्यमंत्री झालं.

विषय 'बालकलाकारांचं पुढे काय होतं' असा ठरला होता. तुमच्यापैकी काहींनी टीव्हीवरच्या मुलांबद्दल बोला असं सुचवलं होतं. त्यांच्याकडे मी येणारच आहे. पण टीव्ही यायच्या आधीही मुलं पोटासाठी तोंडाला रंग लावत होती. तिथून सुरुवात केली तर आजच्या मालिकेत काम करणाऱ्या मुलाचं काय पणाला लागलेलं असतं ते नीट दिसतं.

एम. जी. रामचंद्रन, म्हणजे एमजीआर, यांचा जन्म १७ जानेवारी १९१७ चा. जन्म श्रीलंकेतला, कँडीजवळच्या नावलपिटियाचा. घर मूळचं केरळातलं. वडील गोपाल मेनन, आई सत्यभामा. एमजीआर जेमतेम दोन-तीन वर्षांचे असताना वडील वारले. आई मुलांना घेऊन भारतात परतली आणि ओळखीच्या माणसाच्या आधाराने कुंभकोणमला राहिली. एमजीआर आणि त्यांचा मोठा भाऊ चक्रपाणि तिथल्या आनैयडी शाळेत जात होते. पण घरात दोन वेळचं अन्न नव्हतं. एमजीआर सहा-सात वर्षांचे असतील, तेव्हा दोघे भाऊ 'मदुरै ओरिजिनल बॉईज कंपनी' या नाटक कंपनीत भरती झाले. शाळा सुटली, ती कायमची.

बॉईज कंपनी म्हणजे काय ते सांगायला हवं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला तमिळ प्रदेशात मुलांच्या नाटक कंपन्या गावोगाव फिरत असत. राजा मुलगाच, राणीही मुलगाच आणि राक्षसही मुलगाच. तमिळ नाटककार शंकरदास स्वामिगळ यांनी १९१८ मध्ये मदुरैला मुलांची अशी एक मंडळी काढली होती आणि त्यांची नाटकं या कंपन्यांमधून चालत. कंपनी मुलांना जेवू घालायची, राहायला जागा द्यायची. गाणं, संवाद, नाच, तलवारबाजी शिकवायची. शिस्त कडक असायची आणि मार तर ठरलेलाच. एन. एस. कृष्णन, पी. यू. चिन्नप्पा, शिवाजी गणेशन, एम. आर. राधा ही तमिळ सिनेमातली मोठी माणसं अशाच मुलांच्या कंपन्यांमधून आली.

इथे तुम्ही म्हणाल, मग वाईट काय झालं? मुलांना जेवण मिळालं, कला मिळाली, काहींना तर पुढे सगळं राज्य मिळालं. पण समाजशास्त्राचा विद्यार्थी पहिल्यांदा हेच विचारतो की आपल्याला नावं कोणाची माहीत आहेत? जे वर आले त्यांची. कंपनीत जी बाकीची मुलं होती, ज्यांचा कंठ फुटला आणि राणीची भूमिका हातातून गेली, ज्यांना त्या वयात ना अक्षरओळख नीट झाली होती ना दुसरा धंदा येत होता, त्यांची नावं कुठेही नाहीत. बालनटाचं काम असं विचित्र असतं की त्याचं भांडवल म्हणजे त्याचं लहानपणच. ते वापरलं की संपतं. सुताराचा हात वयाबरोबर सुधारतो. बालनटाचं वय वाढलं की त्याचा भाव उतरतो.

खुद्द एमजीआर यांचंही बघा. कंपनीत गेले सातेक वर्षांचे असताना. सिनेमात पहिलं छोटं काम मिळालं १९३६ मध्ये, 'सती लीलावती'त. नायकाची पहिली मोठी भूमिका १९४७ च्या 'राजकुमारी'त. म्हणजे ज्याला आपण यशस्वी म्हणतो त्या माणसालाही पहिल्या छोट्या भूमिकेपासून नायक होईपर्यंत अकरा वर्षं लागली. वय तिशीला आलं होतं. मधल्या काळात शाळेत परत जायचा रस्ता त्यांच्यासाठी उघडा नव्हता, कारण शाळा भूक भागवत नव्हती आणि कंपनी भागवत होती.

आपल्याकडेही असं घडलं आहे. मास्टर दीनानाथ मंगेशकर एप्रिल १९४२ मध्ये गेले. थोरल्या मुलीचं, लताचं, वय तेव्हा तेरा वर्षंसुद्धा पूर्ण नव्हतं. त्याच वर्षी ती 'पहिली मंगळागौर' या मराठी चित्रपटात पडद्यावर दिसली. अभिनय आपल्याला कधी आवडला नाही, घर चालवायचं म्हणून केला, असं लताबाईंनी पुढे अनेकदा सांगितलं. कुंभकोणम काय आणि महाराष्ट्र काय, बाप गेला आणि मूल रंगभूमीवर किंवा कॅमेऱ्यासमोर उभं राहिलं. अशा वेळी 'मुलाला आवड होती' हे वाक्य जरा थांबून तपासायचं असतं.

आता टीव्हीकडे येते. दूरदर्शनवर १९८६-८७ मध्ये 'मालगुडी डेज' ही मालिका लागली. आर. के. नारायण यांच्या कथा, दिग्दर्शन शंकर नाग यांचं. शंकर नाग मुंबईच्या मराठी रंगभूमीवर वावरलेले, आणि मालिकेत स्वामीचे वडील झालेले गिरीश कार्नाड. चित्रीकरण कर्नाटकातल्या आगुंबेला झालं. त्यातला स्वामी झालेला मुलगा म्हणजे मास्टर मंजुनाथ. तुमच्यापैकी बऱ्याच जणांचा जन्म त्यानंतरचा आहे, पण हा चेहरा तुम्ही पाहिलेला आहे. 'अग्निपथ' या १९९० च्या चित्रपटात मांडव्याच्या मास्तराचा पोरगा, छोटा विजय दीनानाथ चव्हाण, तोच.

मंजुनाथ यांनी पुढे अभिनय सोडला. पुढचं शिक्षण घेतलं आणि बेंगळुरूत जनसंपर्काच्या क्षेत्रात नोकरी केली. आपल्याकडे अशा माणसांबद्दल लिहिताना 'तो आता कुठे हरवला' असा मथळा देतात. मला हा मथळा फार चुकीचा वाटतो. तो माणूस हरवला नाही. देशभर ओळखला जाणारा चेहरा असताना तो वर्गात जाऊन बसला, परीक्षा दिल्या, नोकरीला लागला. त्याला परतीची वाट होती आणि त्याने ती धरली. बालकलाकाराच्या आयुष्यातली ही सगळ्यात मोठी कमाई आहे, असं मी म्हणेन.

म्हणजे दोन आयुष्यं आपल्यासमोर आहेत. १९२० च्या दशकातला कुंभकोणमचा मुलगा आणि १९८० च्या दशकातला स्वामी. दोघांकडे गुण होते. फरक एवढाच की एकाला काम थांबवलं तर उपाशी राहावं लागणार होतं आणि दुसऱ्याला काम थांबवून शाळा-कॉलेजात जाता येत होतं. काम सुरू कसं झालं हे सगळे विचारतात. काम थांबवता येत होतं का, हे कोणी विचारत नाही. मुलाच्या बाबतीत हाच प्रश्न पहिला आहे.

आता पुन्हा एमजीआर यांच्याकडे वळते, कारण त्यांची गोष्ट सिनेमातल्या यशावर संपत नाही. १९५३ मध्ये ते द्रमुकमध्ये आले. १९७२ मध्ये बाहेर पडून त्यांनी अण्णाद्रमुक काढला. ३० जून १९७७ ला मुख्यमंत्री झाले आणि मधले काही महिने सोडले तर २४ डिसेंबर १९८७ ला मृत्यू येईपर्यंत त्या पदावर राहिले.

मुख्यमंत्री म्हणून त्यांच्या दोन निर्णयांबद्दल मला बोलायचं आहे. माझ्या मते दोन्ही निर्णयांची मुळं कुंभकोणमच्या त्या बालपणात आहेत. आणि त्यातला एक फार थोर आहे, दुसरा फार चुकीचा.

पहिला निर्णय, १ जुलै १९८२ ला सुरू झालेली पौष्टिक आहार योजना. शाळेत दुपारचं जेवण देणं तमिळनाडूला नवीन नव्हतं. १९२० मध्ये मद्रास महापालिकेने एका शाळेत ते सुरू केलं होतं. कामराज यांनी १९५६ पासून राज्यात ते वाढवलं. ते कामराजही शाळा अर्धवट सुटलेलेच. एमजीआर यांनी या योजनेचा आकार बदलून टाकला. आधी ग्रामीण भागातली अंगणवाडीची आणि प्राथमिक शाळेची मुलं, त्याच वर्षी शहरातली, आणि १९८४ मध्ये वरच्या वर्गातली मुलंही. राज्याला हा खर्च झेपणार नाही असं तेव्हा अनेक जाणकार सांगत होते. आपल्या लहानपणच्या उपासमारीतून ही योजना आली, असं एमजीआर यांनी स्वतः सांगितलेलं आहे.

त्याचा अर्थ आपल्या विषयाच्या अंगाने लावून बघा. सात वर्षांच्या रामचंद्रनला कंपनीने शाळेतून नेलं ते एका ताटाच्या जोरावर. साठेक वर्षांनी त्याने ते ताट शाळेत आणून ठेवलं. आता कंपनीवाल्याकडे ते आमिष उरलं नाही. तुमच्या-माझ्या ओळखीची उपमा द्यायची तर समाजकल्याणच्या वसतिगृहातली मेस. तिथलं वरण कसं असायचं यावर आपण हसतो. पण ती मेस नसती तर आपल्यातले किती जण दहावीनंतर ऊसतोडीला, वीटभट्टीला किंवा कुणाच्या दुकानात गेले असते, हे आपल्याला माहीत आहे. पुढे १९९५ मध्ये केंद्राने योजना आणली आणि २८ नोव्हेंबर २००१ ला सर्वोच्च न्यायालयाने सरकारी आणि अनुदानित प्राथमिक शाळांत शिजवलेलं जेवण देण्याचा आदेश दिला. आपल्या गावातल्या शाळेत शिजणाऱ्या खिचडीला तमिळनाडूचा हा सगळा अनुभव मागे आहे.

दुसरा निर्णय १९७९ चा. एमजीआर सरकारने मागासवर्गीयांच्या आरक्षणाला उत्पन्नाची अट लावली. वर्षाला ९,००० रुपयांपेक्षा जास्त उत्पन्न असलेल्या मागासवर्गीय घरांना आरक्षण बंद. राज्यभर विरोध झाला. जानेवारी १९८० च्या लोकसभा निवडणुकीत तमिळनाडूतल्या ३९ जागांपैकी अण्णाद्रमुकला फक्त दोन मिळाल्या. एमजीआर यांनी अट मागे घेतली, आणि मागासवर्गीयांचं आरक्षण ३१ टक्क्यांवरून ५० टक्के केलं.

ही अट आली कुठून? मला वाटतं, तीही त्याच बालपणातून आली. एमजीआर यांना भूक माहीत होती. मेनन हे केरळातल्या नायर समाजातलं मानाचं नाव. त्या मुलाचं पोट रिकामं होतं, पण शाळेच्या दारात त्याला जात विचारून बाहेर बसवलं नव्हतं. कंपनीच्या पंगतीत त्याचं ताट वेगळं नव्हतं. त्यामुळे माणसाचं दुःख म्हणजे गरिबी, आणि गरिबी गेली की दुःख गेलं, हा हिशोब त्याला सरळ वाटला असणार. ज्याने जे सोसलं ते त्याला लख्ख दिसतं. जे सोसलं नाही ते दिसण्यासाठी दुसऱ्याचं ऐकावं लागतं. १९८० मध्ये मतदारांनी ते ऐकवलं.

याच जुन्या तंजावर जिल्ह्यात २५ डिसेंबर १९६८ ला किळवेण्मणी घडलं. मजुरीसाठी संघटित झालेल्या दलित शेतमजुरांच्या घरांतली ४४ माणसं एका झोपडीत जाळून मारली गेली. त्यांत बहुतेक बायका आणि मुलं होती. तीही भुकेली मुलंच होती. पण कुठलीही नाटक कंपनी त्यांच्या वस्तीत मुलं शोधायला गेली असेल असं मला वाटत नाही.

आणि ताट शाळेत आलं म्हणून जात शाळेबाहेर राहिली नाही. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २००४ मध्ये सांगितलं की शाळेत स्वयंपाकी आणि मदतनीस नेमताना दलित, आदिवासींना प्राधान्य द्या. आणि जुलै २०१८ मध्ये याच तमिळनाडूत, तिरुप्पूर जिल्ह्यातल्या अविनाशी तालुक्यात, सरकारी शाळेत एक अरुंधतियर समाजाची बाई स्वयंपाकाला आली म्हणून सवर्ण पालकांनी गोंधळ घातला, तिची बदली करायला लावली. मग आंदोलन झालं, ॲट्रॉसिटीचा गुन्हा दाखल झाला आणि बाई परत आल्या. एमजीआर यांच्या ताटाने भूक मिटवली. ते ताट कोणाच्या हातचं, हा प्रश्न त्या ताटाने सुटणार नव्हता. अभ्यासक एम. एस. एस. पांडियन यांनी १९९२ च्या 'द इमेज ट्रॅप' या पुस्तकात एमजीआर यांची पडद्यावरची प्रतिमा आणि त्यांचं राजकारण यांची कठोर चिकित्सा केली आहे. तुमच्यापैकी इंग्रजी वाचणाऱ्यांनी ते जरूर वाचावं.

आता मी ज्या गावात बसले आहे त्या गावाकडे येते. इथून चालत जाण्याच्या अंतरावर तिरुभुवनम आहे, रेशमी साड्यांसाठी प्रसिद्ध. घरात माग, मागाच्या खड्ड्यात बाप, शेजारी कांडी भरणारी आई. शाळेतून आलेलं मूल दप्तर ठेवतं आणि धागा सोडवायला बसतं. त्याला कोणी काम म्हणत नाही, 'घरात मदत करतो' म्हणतात. माझ्या संशोधनात हेच 'घरात मदत' मी मोजते आहे.

आणि इथेच आपल्या विषयाचा धागा कायद्याला जाऊन मिळतो. बालकामगार कायद्यात २०१६ मध्ये दुरुस्ती झाली. चौदा वर्षांखालच्या मुलाला कुठल्याही कामाला लावायचं नाही, असा नियम झाला. चांगली गोष्ट. पण त्याच कलमात दोन अपवाद शेजारी शेजारी ठेवले. एक, मूल शाळा सुटल्यावर किंवा सुट्टीत आपल्या कुटुंबाला किंवा कुटुंबाच्या व्यवसायाला मदत करू शकतं, काम धोक्याचं नसलं तर. दोन, मूल जाहिरात, चित्रपट, दूरदर्शन मालिका यांत कलाकार म्हणून काम करू शकतं, शाळेवर परिणाम होत नसला तर.

आपल्या देशात कुटुंबाचा व्यवसाय कोण ठरवतं? जात ठरवते. विणकराचं मूल मागावर, चांभाराचं मूल चामड्यापाशी, झाडूवाल्याचं मूल झाडूपाशी. म्हणजे पहिला अपवाद मुलाला बापाच्या धंद्यात ठेवतो आणि दुसरा अपवाद एखाद्या मुलाला त्या धंद्यातून थेट पडद्यावर उचलून नेतो. बहुजन घरातल्या आईबापाला ही दोनच दारं दिसली तर त्यांनी दुसऱ्या दाराकडे धाव घेतली यात नवल काय? पण तिसरं दार आहे, आणि ते शाळेचं आहे. हा तिरुविडैमरुदूर विधानसभा मतदारसंघ अनुसूचित जातींसाठी राखीव आहे. इथून २०११ पासून सलग तीनदा निवडून आलेले गोवी चेळियन सप्टेंबर २०२४ मध्ये तमिळनाडूचे उच्च शिक्षणमंत्री झाले. या खात्याचे ते पहिले दलित मंत्री, आणि स्वतः पीएचडी झालेले. इथली मुलं मला एमजीआर यांचे डायलॉग म्हणून दाखवतात, आणि मी त्यांना विचारते, तुमच्या आमदारांनी किती शिकलंय माहीत आहे का?

आता जरा घरातलं. तीन महिन्यांपूर्वी माझ्या मामेभावाचा फोन आला. त्याची मुलगी आठ वर्षांची आहे. छान नाचते, बोलायला धीट. तिचा गॅदरिंगमधला व्हिडिओ फिरत फिरत मुंबईतल्या एका माणसापर्यंत गेला. तो म्हणाला, मालिकेत काम देतो. मुंबईला येऊन राहा, दिवसाचे इतके पैसे रोख, शाळेचं नंतर बघू. भाऊ रिक्षा चालवतो, वहिनी शिवणकाम करते. दिवसाची सांगितलेली रक्कम भावाच्या आठवड्याच्या कमाईपेक्षा जास्त होती. तो मला म्हणाला, "ताई, तू शिकलेली आहेस, तू सांग."

हे वाक्य तुमच्या सगळ्यांच्या ओळखीचं आहे. घरातला पहिला पदवीधर म्हणजे घरातला वकीलही तोच, डॉक्टरही तोच, बँकेचा साहेबही तोच. असा फोन तुम्हालाही येईल. आता तर प्रत्येक गल्लीत रील बनवणारं मूल आहे आणि प्रत्येक जिल्ह्यात ऑडिशनचे फलक लागतात. तेव्हा 'नको, वाईट क्षेत्र आहे' असं म्हणून मोकळं होऊ नका. कला वाईट नाही. आपल्या जलशांनी, तमाशांनी, शाहिरांनी आपल्याला उभं केलं आहे. 'फँड्री'तला जब्या झालेला सोमनाथ अवघडे करमाळा तालुक्यातल्या केम गावचा. त्या भूमिकेसाठी त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. वर्गात मागच्या बाकावर बसलेल्या किती मुलांनी पहिल्यांदा आपल्यासारखा चेहरा पडद्यावर पाहिला. तेव्हा दार बंद करू नका. पण कागद मागा.

मी भावाला जे प्रश्न लिहून दिले ते तुम्हाला सांगते. ते माझ्या मनातले नाहीत. २०१७ च्या केंद्र सरकारच्या नियमांत हे सगळं लिहिलेलं आहे.

पहिला प्रश्न, जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घेतली आहे का? मुलाला कामावर घ्यायचं असेल तर निर्मात्याने ती घ्यायची असते. परवानगीचं नाव काढताच समोरचा गप्प झाला तर तिथेच समजा.

दुसरा, दिवसाला किती तास? नियम सांगतो पाच तासांपेक्षा जास्त नाही, आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही. रोज दाखवल्या जाणाऱ्या मालिकेचं गणित या पाच तासांत कसं बसवणार, ते त्यांना विचारा.

तिसरा, शाळेचं काय? सलग २७ दिवसांपेक्षा जास्त काम करून घेता येत नाही, आणि अभ्यासात खंड पडू नये याची सोय निर्मात्याने करायची असते. 'नंतर बघू' हे उत्तर नियमात बसत नाही.

चौथा, पैसे कुठे जाणार? मुलाच्या कमाईतले किमान २० टक्के राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावाने मुदत ठेवीत थेट जमा व्हायला हवेत. ते अठरा वर्षांचं झाल्यावर त्याचे. रोखीचं बोलणारा माणूस हा नियम चुकवतो आहे. आपल्या घरात गरज मोठी असते, त्यामुळे हा नियम आईबापांनाही जड जातो, हे मला माहीत आहे. तरी त्या पासबुकावर मुलाचंच नाव असू द्या.

पाचवा, सेटवर मुलाची जबाबदारी कोणाची? जास्तीत जास्त पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती नेमायला हवी. त्या व्यक्तीचं नाव आणि फोन नंबर मागा.

सहावा प्रश्न नियमात नाही, तो माझा आहे. भूमिका कोणती? मोलकरणीची मुलगी, सिग्नलवरची पोर, चाळीतलं मवाली पोरगं, एवढ्याचसाठी आपली मुलं शोधत असतील तर तेही माहीत असू द्या. मुलगी शाळेत परत जाईल तेव्हा वर्गातली पोरं तिला त्या भूमिकेच्या नावाने हाक मारतील.

आणि सातवा, जो सगळ्यात आधी विचारायचा: उद्या पोरगी म्हणाली मला नाही करायचं, तर काय? करारात त्याचं उत्तर काय आहे, आणि घरात काय आहे? घरभाडं तिच्या पैशावर चालायला लागलं असेल तर आठ वर्षांची मुलगी 'नको' म्हणूच शकत नाही. कुंभकोणमच्या त्या पोरालाही ते म्हणता आलं नव्हतं.

भावाने हे प्रश्न त्या माणसाला व्हॉट्सॲपवर पाठवले. त्याने पहिल्या दोनांची उत्तरं दिली, ती गोलमोल. मग तो म्हणाला, एवढे प्रश्न विचारणाऱ्या पालकांबरोबर आम्ही काम करत नाही. भाऊ दोन दिवस माझ्याशी नीट बोलला नाही. पैसे गेले, हे खरं आहे, आणि ते मी भरून देऊ शकत नाही. मुलगी तिसरीत आहे, नाचते आहे. उद्या कोणी कागद घेऊन आलं तर ती मालिकेत कामही करेल, आणि मी पहिल्या भागाला टीव्हीसमोर बसेन.

आपण इथे अभ्यासवर्गात आरक्षणावर, शिष्यवृत्तीवर, फेलोशिपवर बोलतो. शिष्यवृत्ती उशिरा आली की वसतिगृहातलं पोर काम शोधायला बाहेर पडतं. माध्यान्ह भोजनाचं अनुदान थकलं की पहिलीतलं पोर घरी राहतं. मुलांना कॅमेऱ्यासमोर, मागावर किंवा वीटभट्टीवर जायला लावणारी गोष्ट बहुतेक वेळा याच कागदांत अडकलेली असते. म्हणून तुमच्या तालुक्यातल्या एका शाळेत या महिन्यात जाऊन या. स्वयंपाकाला कोण आहे, पंगत एकच बसते का, अनुदान किती महिन्यांचं थकलं आहे, एवढंच विचारा आणि लिहून काढा. मालिकेत, जाहिरातीत किंवा रिॲलिटी शोमध्ये काम केलेलं मूल तुमच्या ओळखीत असेल तर त्याच्या आईला विचारा, मुदत ठेवीचं पासबुक आहे का. नसेल तर २०१७ च्या नियमाची प्रत तिच्यासोबत बसून वाचा. इंग्रजीत असली तर मराठीत सांगा. आपल्या पदवीचा हा उपयोग आपल्या घरांना आत्ता, याच आठवड्यात होऊ शकतो.

प्रश्न असतील तर विचारा. मी आहे अजून अर्धा तास.

जय भीम.